पत्र्याची डोंगरजाई

पाटकोंड, ता. लांजा
१२ नोव्हेंबर १९८४

श्रीपती,

आशीर्वाद आहेतच, दर पत्रात लिहिले नाहीत म्हणून कमी होत नाहीत. तुझं पत्र पोचलं. पोस्टमन लवू स्वतः घाटी चढून वर आला, कारण पाकिटावरचं राणीच्या डोक्याचं तिकीट त्याला हवं होतं. दिलं.

तू लिहिलंस, सिनेमासाठी गावाकडे पालखी मागून बघ. मागितली. देवळात बैठक बसली. मी बाई, त्यात विधवा, मला पायरीवर बसवलं. मी पायरीवरनं बोलले. म्हटलं, माझा सख्खा भाऊ विलायतेत सिनेमे काढतो, त्याच्या साहेबाला आपला शिमगा घ्यायचा आहे, माघात दोन दिवस पालखी आमच्या अंगणात नाचवा. भिकाजी मानकरी म्हणतो, "राहीबाय, शिमगा फाल्गुनात. देवी काय तुझ्या भावाच्या कॅमेऱ्याची चाकर हाय?" मी म्हटलं, "तुम्ही नका सांगू, देवीला विचारा." गुरवाने कौल लावला. फूल डावीकडनं पडलं, म्हणजे नाही. पुन्हा लावा म्हटलं तर सगळे अंगावर आले.

तर आमची गावदेवी पावणाई काही येत नाही. जागा मिळेल, माणसं मिळतील. पालखी तुझी तू आण.

आणि एक सांग. लोक विचारतात तुझा भाऊ सिनेमात काम करतो काय. नाही. फोटो काढतो काय. नाही. गोष्ट लिहितो काय. तेपण नाही. मग करतो काय? मला उत्तर देता येत नाही आणि मला उत्तर नसलं की राग येतो.

धाकटी जाऊ मालन विचारते, मला घेतील काय सिनेमात. तिचा नवरा केरू मुंबईला गोदीत, शिमग्याला नि मे महिन्यात येतो तेवढाच. घरात आम्ही दोघी. लग्नाला इतकी वर्षं झाली, मूल नाही. दर शिमग्याला पालखीपुढे नवस बोलते, मग चार दिवस कोणाशी बोलत नाही. म्हटलं घेतील, तुझ्यासारखी काळीसावळी माणसंच त्यांना लागतात.

राही

लंडन
३ डिसेंबर १९८४

प्रिय आक्का,

नमस्कार. तू माझ्यासाठी देवळाच्या पायरीवर बसून भांडलीस, हे वाचून हसू आलं आणि लाजही वाटली.

मी काय करतो ते असं सांग. लग्नात नवरा वेगळा, भटजी वेगळा. पण मांडव, पाणी, पंगत, रुसलेले पाहुणे, हे सगळं ज्याच्या डोक्यावर असतं तो मी. त्याला निर्माता म्हणतात. मुंबईत परदेशी लोकांच्या मागे पेट्या उचलत होतो, तिथून इथवर आलो. आजवर दुसऱ्यांचे मांडव घातले. हे पहिलं लग्न माझ्या नावाचं. फ्रान्समधल्या एका बड्या माणसाने मला पाठबळ दिलंय, दिग्दर्शकही तिकडचाच. हे फसलं तर मला पुन्हा कोणी दारात उभं करणार नाही.

पालखी मुंबईत सुताराकडून करून घेतो. मुखवटे पत्र्याचे, वर चंदेरी मुलामा. साहेबाची एकच अट आहे. बायका खऱ्या हव्यात, त्यांनी नटायचं नाही, शिमग्यात ओटी भरतात तशी भरायची. ते तू बघशील ना?

तुझा
श्रीपती

पाटकोंड
२७ फेब्रुवारी १९८५

श्रीपती,

तुमच्या गाड्या गेल्या. अंगणात अजून तारांचे तुकडे सापडतात, कोंबड्या टोचतात. तू जाताना माझ्या पाया पडलास आणि म्हणालास, "आक्का, त्या बायका एवढ्या मनापासून कशा गं रडल्या?" माणसं होती म्हणून बोलले नाही. आता ऐक.

तू त्या सकाळी रत्नागिरीला होतास, मांडवीच्या हॉटेलात, पॅरिसचा फोन यायचा म्हणून. इकडे तुझ्या पालखीपुढे बायका खांबासारख्या उभ्या. गोदा म्हणते, "अगो, हिच्या नाकाला गंज चढलाय." यमुनाबाई म्हणते, "हिच्याकडं काय मागू? बालदी?" की सगळ्या खिदळल्या. तुझा साहेब लाल झाला. टोपी काढून जमिनीवर आपटली. तुझा तो मुंबईचा पोऱ्या माझ्याकडे आला, "मावशी, आज झालं नाही तर साहेब गाशा गुंडाळणार."

तुझं ते पहिलं लग्न माझ्या डोळ्यापुढे आलं. मी सगळ्यांना गोठ्यामागे नेलं. म्हटलं, "बायांनो, जिभा आवरा. पत्रा दिसतो तो वरचा, उन्हात चमकू नये म्हणून लावलाय. आत जुनी रूपं आहेत, खरे चांदीचे मुखवटे. मंडणगडाकडच्या डोंगरजाईची. तिने कौल दिला म्हणून आली. तिचा गुरव जीपमध्ये बसलाय." गोदा म्हणाली, "खरंच?" मी म्हटलं, "मी कधी खोटं बोललेय?" आणि पुढे होऊन पहिली मीच आडवी झाले. मग सगळ्यांचे चेहरे बदलले.

मालनचं तर तू बघितलंसच. ओटी भरून बाजूला व्हायचं होतं. ती हललीच नाही. दांडा धरून पुटपुटत राहिली, डोळ्यांतून धार. साहेबाने कोणाला हलू दिलं नाही. तू तेवढ्यात आला होतास, त्या आवाजवाल्याच्या शेजारी कानाला काळं लावून उभा होतास.

परवा तिने चुलीपुढे सांगितलं. नवस बोलली. मूल झालं तर ह्याच पालखीखालून काढीन आणि खणानारळाने ओटी भरीन. "पावणाईनं इतकी वर्सं नाय ऐकलं, बाय. ही परकी हाय, पण हसरी हाय. ही ऐकंल."

पत्रा हसरा ठोकला होता तुझ्या सुताराने. मी भाकरी थापत होते, ती हातातच मोडली. सांगायला तोंड उघडलं आणि मीठ मागितलं.

राही

पॅरिस
२० एप्रिल १९८५

प्रिय आक्का,

तू एवढी जिवाला लावून घेऊ नकोस. तू केलंस ते माझ्यासाठी. तू नसतीस तर सिनेमा तिथेच मेला असता, हे मी कधी विसरणार नाही.

सध्या इथे सिनेमाच्या फितीचं जोडकाम चाललंय. मालनचं ते दृश्य पडद्यावर आलं की खोलीतले सगळे गप्प होतात. ती काय बोलली ते मात्र ऐकू आलं नाही, वारा फार होता. नुसता चेहरा दिसतो.

नवस काय, दर शिमग्याला माणसं बोलतात आणि विसरतात. तीही विसरेल. तिला काही सांगू नकोस, उगीच दुखावेल.

श्रीपती

पाटकोंड
१६ ऑगस्ट १९८५

श्रीपती,

मालनला सहावा महिना लागला. शिमग्याला केरू आला होता तेव्हाचं. आधी कोणाला सांगितलं नाही, मलाही नाही, टिकतंय की नाही म्हणून. आता पोट लपत नाही.

मला आनंद झाला. खरंच झाला. तिला तांदळाची खीर करून घातली. ती खाऊन झाल्यावर वाटी खाली ठेवून म्हणते, "बाय, मंडणगडात कुठल्या गावात गो ती डोंगरजाई?" मी म्हटलं, नाव विसरले. म्हणते, "श्रीपतीभावजींना इचार."

विचारते आहे. बोल आता.

गावात बायांनी नवसाची गोष्ट केली आहे. गोदाने आपल्या पांगळ्या मुलासाठी मंडणगडाकडे तोंड करून नारळ फोडला. यमुनाबाई मला म्हणते, तू पुण्यवान, तू देवी गावात आणलीस. मी तिच्यावर खेकसले. तिला वाटलं मी विनय करते. ह्या गावात मला विनय आहे असं पहिल्यांदाच कोणाला वाटलं.

ती पालखी कुठे आहे? जपून ठेव. मोडलीस तर याद राख.

राही

लंडन
२ नोव्हेंबर १९८५

प्रिय आक्का,

उशीर झाला, रागावू नकोस. आपल्या सिनेमाला मोठ्या मेळ्यात पहिलं बक्षीस मिळालं. माझं नाव पुकारलं तेव्हा मी कोट घालून मंचावर गेलो आणि मला एकदम आपलं पाटकोंड आठवलं. सिनेमाच्या जाहिरातीवर मालनचाच चेहरा आहे. इथे भुयारी गाडीच्या स्टेशनात माझ्यापेक्षा उंच लावलाय. जाता येता दिसतो. मी आता दुसऱ्या जिन्याने जातो.

पालखी सुखरूप आहे, मुंबईच्या गोदामात. काळजी नको. गावाचं नाव विचारलं तर सांग, ते देऊळ दुरुस्तीला काढलंय. पुढच्या सिनेमासाठी मोरोक्कोला चाललोय, पत्राला वेळ लागेल.

मालनला जप.

श्रीपती

पाटकोंड
९ फेब्रुवारी १९८६

श्रीपती,

मुलगी झाली, डिसेंबरात. काळी, लांब बोटांची. राधा ठेवायचं म्हटलं मी. मालन म्हणते नाव देवीला विचारून.

तुझं देऊळ दुरुस्तीला काढलं, हे मी सांगितलं. तर ती म्हणते, "मग बरंच हाय, दगड वाहून सेवा करू." हे तुझं डोकं, एवढी बक्षिसं घेतलेलं.

केरू रजा घेऊन आला. मी पाणी आणायला गेले होते तेवढ्यात दोघं पोरीला घेऊन यष्टीत बसली. मंडणगडला गेली. मला घरी आल्यावर कळलं. मी लांज्याच्या स्टँडपर्यंत धावत गेले, गाडी केव्हाच गेली होती. तिथे बाकावर बसले आणि रडले. मी कशी रडते तुला माहीत नाही, मलाही माहीत नव्हतं. शेंगदाणेवाला म्हणाला, "बाय, कोण गेलं?"

मंडणगडात दोघं गावोगाव हिंडली. वाड्यावाड्यांतून विचारलं, डोंगरजाई कुठे, तिची पालखी सिनेमात गेली होती ती. कोण हसलं, कोणी ताक दिलं. एका गुरवाने सांगितलं, अशी देवी ह्या तालुक्यात नाही. मालन त्यालाच बोलली, "तुमाला ठाव नसंल." उन्हातून पोर काखेत. परत आली ती पोरीचं अंग तव्यासारखं. रत्नागिरीला सरकारी दवाखान्यात न्यावं लागलं. पोरगी वाचली. डॉक्टरने विचारलं, एवढ्याशा जिवाला कुठे हिंडवलंत? मालन माझ्याकडे बघून म्हणाली, "नवस रखडला म्हणून ताप आला. बाय, तू भावाला लिव."

लिहिते आहे. शिमगा मार्चात आहे. पालखी पाठव. गोदामातून काढ आणि ट्रकावर घाल. अंगणात ठेवू, पोरगी खालून काढू, ओटी भरू, मग माझं मी बघीन नरकात काय ते.

राही

लंडन
२४ फेब्रुवारी १९८६

आक्का,

पोरीच्या तापाचं वाचलं आणि मोरोक्कोतली कामं टाकून आलो.

पालखी मुंबईत नाही. मी खोटं लिहिलं. सिनेमा संपल्यावर ज्या फ्रेंच माणसाने मला पाठबळ दिलं त्याला ती आवडली. मी भेट दिली. पुढचा सिनेमाही त्याच्याच जोरावर आहे. त्याच्या दिवाणखान्यात आहे. मुखवटे भिंतीवर लावलेत. पालखीत दारूच्या बाटल्या ठेवतात. मी तिथे जेवलो आहे, तिच्या शेजारी बसून. परवा फोन करून परत मागितली. तो हसला, म्हणाला, श्री, तुला तशी दुसरी करून मिळेल. मी फोन ठेवला.

दुसरं त्याहून वाईट आहे. वारा नव्हता. माझ्या कानाला यंत्र होतं आणि मालनचा शब्द न् शब्द मला ऐकू येत होता. त्या सगळ्या ताफ्यात मराठी समजणारे मोजके, आणि त्यांच्यातला कानाला यंत्र लावलेला मी एकटा. ती काय मागते आहे आणि कोणाकडे, हे कळत असून मी थांबवलं नाही. मनात आलं, हेच पाहिजे होतं. नंतर तिचं बोलणं चित्राखाली इंग्रजीत आणि फ्रेंचमध्ये लिहायला लागतं, ते मीच लिहून दिलं. लोक ते वाचून रडतात. मला बक्षीस त्याचं मिळालं.

त्याच सुताराकडे तशीच पालखी करायला टाकली आहे. तोच साचा, तोच चेहरा. शिमग्याआधी ट्रकने लांज्याला पोचेल. मालनला फरक कळणार नाही. आक्का, एवढं होऊन जाऊ दे.

श्रीपती

पाटकोंड
६ एप्रिल १९८६

श्रीपती,

पालखी आली. ट्रक स्टँडजवळ उभा राहिला, मी एकटीच गेले. ताडपत्री वर केली. तोच हसरा पत्रा. पण गळ्यात झेंडूचा हार आणि पुढे उदबत्त्यांची राख. ड्रायव्हर म्हणाला, "मावशी, देवी सोबत म्हणून घाटात काय भ्यालो नाय. माझ्या आईच्या डोळ्यांसाठी मागून घेतलंय." मुंबईपासून लांज्यापर्यंत आणखी एक माणूस तिच्या पायाशी लागला होता. तसंच चाललं तर मंडणगडात खरंच देऊळ बांधावं लागेल आणि पुजारीण मी.

म्हटलं, परत ने. तो म्हणाला, "देवीला परत?" मी म्हटलं, "तुझ्या आईला डॉक्टरकडे ने. आणि ही जिथून आणलीस तिथे टाक." त्याला वाटलं बाई बिथरली. गेला.

घरी येऊन मालनला सांगितलं. ती सुपात तांदूळ पाखडत होती. सगळं सांगितलं, गोठ्यामागचं, तुझ्या सुताराचं, बाटल्यांचं. तिने सूप खाली ठेवलं नाही. पाखडत राहिली. मग विचारलं, "मग माझं ऐकलं कोणी?"

मी म्हटलं, "श्रीपतीने. कानाला लावून."

"आनी?"

"आणि लिहून काढलं. परदेशात लोक वाचतात."

मग ठेवलं तिने सूप. उठून पोरीला घेतलं आणि आतल्या खोलीत गेली. त्या दिवसापासून शिमग्यापर्यंत माझ्याशी बोलली नाही. जेवायला वाढायची, ताट आदळायची नाही, तेच लागायचं. आदळली असती तर मी ओरडले असते.

शिमग्याला आपली पालखी आली अंगणात. ढोल वाजले, भिकाजीने गाऱ्हाणं घातलं. मालनने पावणाईची ओटी भरली, घरोघरी भरतात तशी. मग आत गेली आणि दुसरं ताट घेऊन आली. हिरवा खण, नारळ, तांदूळ, हळदकुंकू. मी दाराच्या मागे होते, मी अशा वेळी पुढे येत नाही. ती सरळ माझ्यासमोर.

"पदर पसर."

ढोल थांबले. भिकाजी म्हणाला, "मालन, राहीची ओटी? विधवा हाय ती."

"मानकरीबाबा, नवस माझा. तुमी तुमच्या देवीचं बघा."

मी म्हटलं, "नको गो. पाप लागंल."

"लागलंच हाय. पसर."

पसरला. नवरा गेल्यापासून माझ्या पदरात कोणी तांदळाचा दाणा घातला नव्हता. अर्धे तांदूळ उंबऱ्यावर सांडले. गोदा, यमुनाबाई, सगळ्या बघत होत्या. मालन म्हणाली, "हात वर कर. चौकट धर." मी धरली. तिने पोरगी केरूच्या हातात दिली आणि माझ्या हाताखालून पलीकडे घेतली. मग माझ्या कानाशी आली. "डोंगरजाईच्या नावानं तूच बोललीस. मला दुसरी कोण मिळाली नाय. आता उतरायचं नाय तुला. हिचं बरंवाईट तुझ्यावर."

केरू खाली बघत होता. भिकाजीने ढोलवाल्यांना खूण केली, पालखी पुढच्या घरी गेली. बायांना मी दुसऱ्या दिवशी विहिरीवर खरं सांगितलं. गोदा माझ्या तोंडावर थुंकायची तेवढी राहिली. तिच्या मुलाचे पाय तसेच आहेत.

खण मी पेटीत ठेवला नाही आणि चोळी शिवून घालायला तर येतच नाही. तो खुंटीवर आहे. येता जाता दिसतो, आणि आमच्या घराला दुसरा जिना नाही.

तुझ्याबद्दल तिला विचारलं. म्हटलं, भावाला काय लिहू? तिने पोरीचं नाक पुसलं. मग म्हणाली, "ऐकलं तर ऐकलं. वाचून कशाला दाखवलंन?" एवढंच. तिला साडी पाठवू नको, खेळणं पाठवू नको. तिच्या चेहऱ्याखाली तू जे लिहिलंस ते पुसून टाक. लोकांना नुसता चेहरा बघू दे आणि काय मागते ते न कळू दे. ते करता येत नाही, सिनेमा सगळीकडे गेलाय, असं तू लिहिशील. मला ते वाचायचं नाही. तू निर्माता आहेस ना, रुसलेले पाहुणे तुझ्या डोक्यावर, मग बघ.

मुलीचं नाव शेवटी मालनने माझ्याकडूनच ठेवून घेतलं. राधा. म्हणाली, देवीला विचारायचं ठरलं होतं.

पोरगी बरी आहे. दात येतील आता. मधूनच खोकते. ती खोकली की मालन तिच्याकडे वळत नाही, माझ्याकडे बघते. मी उठते.

राही